कॅमेऱ्यामागून पाहिलेली गंमत
(आंबागड येथे मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मला व्याख्यान देण्याची सवय नाही. रंगमंचासमोर उभे राहून दुसऱ्यांचे बोलणे टिपावयाचे, हाच माझा धंदा. तेव्हा थोडे सांभाळून घ्या.

आमचे यजमान तुमसरला लग्नांचे शूटिंग करीत. ते आजारी पडले आणि कॅमेरा माझ्या खांद्यावर आला. लग्नसराई उन्हाळ्याची, दिवाळीनंतर हाताला काम नसे. पण आपल्या झाडीपट्टीत तेच दिवस मंडईचे, दंडारीचे आणि खडी गंमतीचे! म्हणून तिकडे वळले. गंमतीत नाच्या म्हणजे लुगडे नेसलेला पुरुष, आणि पुढच्या गर्दीत पुरुषांमध्ये उभी असलेली बाई म्हणजे मी. लोकांना दोन्हीकडे पाहावे लागे.

गाणे टिपणे त्यामानाने सोपे. ढोलकीजवळ, भोंग्यापासून दूर, बांबूला माइक बांधला की निभावते. विनोद मात्र सांगून येत नाही. मी बोलणाऱ्याचा चेहरा जवळ घ्यावा, आणि हशा पिकावा तो शेजारी गप्प उभ्या असलेल्याच्या तोंडाकडे पाहून! पुढे मी दोघांनाही चौकटीत ठेवू लागले. घरी पाहताना तरीही विनोद मेल्यासारखा वाटे. कारण उमगायला दोन हंगाम गेले. हसणे टिपलेच जात नव्हते. तेव्हापासून दुसरा माइक बायकांच्या बैठकीकडे लावते. मागे बसता, पण हसता तुम्हीच जास्त.

आता एक चूक सांगते. व्हीएचएसची कॅसेट साधारण ३ तासांची, आणि महाग. एका लग्नाच्या घाईत नवी मिळेना, म्हणून एका वृद्ध शाहिरांच्या गंमतीवर मी वरात घेतली. पुढे ते वारले. त्यांचा नातू कॅसेट मागायला आला. मी खरे ते सांगितले. तो काही बोलला नाही. उठून गेला असता तर बरे वाटले असते. लग्नवाल्यांकडून ती कॅसेट मागून आणली. वरात संपली, आणि मागे शाहिरांची चार मिनिटे उरलेली निघाली. ढोलकी, एक कोटी, आणि हशा सुरू होता होता फीत संपते. तेवढी त्याला दिली.

२०२३ साली आपल्या झाडीपट्टीचे नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली. आनंद झालाच, पण ज्यांना काहीच मिळाले नाही त्यांच्या कॅसेटी तुमच्या पेट्यांत पडून आहेत. आपल्याकडच्या पावसाळी हवेत फितीला बुरशी लागते. जपानच्या फुनाई कंपनीने २०१६ साली व्हीसीआर बनविणे थांबविले. ती शेवटची होती. माझ्याजवळचे यंत्र अजून चालते. कॅसेटी उन्हात वाळवू नका, घरी लावून पाहू नका. रोवणीआधी माझ्याकडे पोचवा, आणि वर आत कोण आहे त्याचे नाव लिहा.