कार्डांवरची माणसं

सिनेमा संपून पडद्यावर नावं सरकू लागली की आपण पायांनी चपला चाचपू लागतो. त्या नावांत एक नाव कास्टिंग करणाऱ्याचं असतं. हे काम मी काही वर्षं मराठी मालिकांसाठी केलं. भूमिकेला कोण शोभेल ते शोधायचं, माणसं बोलवायची, दोन पानं वाचून घ्यायची आणि दहांतल्या नऊ जणांना 'कळवतो' म्हणायचं. कळवायचं नसतं, हे दोघांनाही ठाऊक असतं!

या व्यवसायात गुरुस्थानी मानावी अशी बाई म्हणजे मॅरियन डॉगर्टी. जन्म १९२३चा, अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियातला. टेलिव्हिजनवर नाटकं थेट प्रक्षेपित होत, त्या काळात ती न्यूयॉर्कमध्ये कामाला लागली. दर आठवड्याला नवं नाटक, म्हणजे दर आठवड्याला नवे नट हवेत. हॉलिवूडचे जुने स्टुडिओ पगारी नटांच्या यादीतून भूमिका वाटून टाकत. ही बाई मात्र संध्याकाळी छोट्या नाट्यगृहांत जाऊन बसे आणि पाहिलेल्या नटांची नोंद कार्डांवर करून ठेवी. जेम्स डीन, वॉरन बेटी यांना उमेदवारीच्या काळात तिनं कामं दिली. टेबलाशी बसून अशी माणसं सापडत नाहीत. आपल्याकडे 'सैराट'ची रिंकू राजगुरू अकलूजला सापडलीच ना!

जॉन व्हॉइटला तिनं एका मालिकेत छोटं काम दिलं होतं. ते त्यानं वाईट केलं, इतकं की त्याचं त्यालाच लाज वाटत राहिली. तरी काही वर्षांनी 'मिडनाइट काउबॉय'साठी तिनं त्याचंच नाव लावून धरलं. १९६९चा हा चित्रपट ऑस्करला सर्वोत्कृष्ट ठरला, व्हॉइटला नामांकन मिळालं. श्रेयनामावलीत डॉगर्टीचं नाव मात्र नव्हतं. पुढे नाव येऊ लागलं तरी 'डायरेक्टर' या शब्दाला दिग्दर्शकांच्या संघटनेचा आक्षेप असल्यानं पडद्यावर नुसतं 'कास्टिंग बाय' लिहीत. १९९१ साली तिला ऑस्कर द्यावा म्हणून नामवंत नटांनी अकादमीला पत्रं लिहिली. मिळाला नाही. २०११ मध्ये ती गेली. ऑस्करमध्ये कास्टिंगचा पुरस्कार सुरू झाला तो २०२५च्या चित्रपटांपासून.

मला खरं सांगायचंय ते 'लीथल वेपन'बद्दल. १९८७चा चित्रपट. पोलिस अधिकाऱ्याच्या भूमिकेसाठी डॉगर्टीनं डॅनी ग्लोव्हरचं नाव सुचवलं. दिग्दर्शक रिचर्ड डॉनर अडखळला, कारण ग्लोव्हर काळा. पटकथेत अधिकारी गोरा असल्याचं कुठेच लिहिलेलं नव्हतं. ते डॉनरनं मनाशी धरलं होतं. त्यानं पुढे हे स्वतःच कबूल केलं. डॉगर्टीवरच्या २०१२च्या माहितीपटात हा किस्सा ऐकला आणि मी टीव्ही बंद केला.

आमच्याकडे एक मुलगी आली होती, डॉक्टरच्या भूमिकेसाठी. सावळी, सांगलीकडची, आवाज खणखणीत. ती वाचत होती तेव्हा चहा घेऊन आलेला पोऱ्या कप हातात धरून तसाच उभा राहिला. मी तिला मोलकरणीचं काम दिलं. मला कुणी सांगितलं नव्हतं हो! ना निर्मात्यानं, ना चॅनेलनं. त्यांना नको असेल, असं माझं मीच ठरवलं. तिनं चार भाग मुकाट्यानं केले. जाताना विचारलं, "ताई, डॉक्टर सावळी नसते का?" मी म्हटलं, "पुढच्या वेळी बघू."

पुढची वेळ आली नाही. परवा माझी जुनी वही काढून तिचं पान शोधलं. आवाजाबद्दल एक अक्षर नाही. नावापुढे माझ्याच हस्ताक्षरात लिहिलंय : मोलकरीण, भाजीवाली, गावाकडची.