हुंकार कोण देणार?

(महिला सल्ला केंद्रांत काम करणाऱ्या कार्यकर्त्यांच्या शिबिरातील भाषणाचे शब्दांकन)



सकाळच्या सत्रात आपण एक खेळ खेळलो. दोघी-दोघींच्या जोड्या केल्या. एकीने थोडक्यात निभावलेला एखादा प्रसंग सांगायचा होता. दुसरीला मी आधीच बाजूला घेऊन सांगितले होते की गोष्टीकडे लक्ष देऊ नकोस, 'प'पासून सुरू होणारे शब्द तेवढे मोज. पुढे काय झाले ते तुम्ही सगळ्यांनी पाहिलेत. सांगणाऱ्या अडखळू लागल्या. एकीने "जाऊ दे, तसं काही विशेष नाही" म्हणून मध्येच आवरते घेतले. एकीने शेवट तीनदा सांगितला. एक तर चक्क रागावली. ऐकणाऱ्या उठून गेल्या नव्हत्या, उलट बोलल्या नव्हत्या, समोरच बसल्या होत्या. तरीही गोष्ट मोडली.

हा खेळ माझ्या डोक्यातला नाही. कॅनडातल्या व्हिक्टोरिया विद्यापीठातील जॅनेट बाव्हेलास आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी असा प्रयोग केला आणि तो २००० साली प्रसिद्ध केला. तिथे इंग्रजी 'टी' अक्षराने सुरू होणारे शब्द मोजायचे होते. ज्यांचे ऐकणारे मोजण्यात गुंतले होते त्यांच्या गोष्टी बिघडल्या, आणि सगळ्यात जास्त बिघडला तो शेवट, म्हणजे जिथे गोष्टीचा जीव असतो तीच जागा. लोक तिथे घुटमळले, तेच तेच सांगू लागले, प्रसंग खरेच कसा धोक्याचा होता याची सफाई देऊ लागले. बाव्हेलास यांचे म्हणणे असे की ऐकणारा हा सहनिवेदक असतो. गोष्ट दोघे मिळून सांगतात.

आज मला एवढेच बोलायचे आहे. आपल्या केंद्रात येणारी बाई नीट सांगत नाही, तुटक सांगते, उलटसुलट सांगते, अशी आपली तक्रार असते. त्या मोडलेल्या गोष्टीत आपला वाटा किती, हे आपण कधी पाहिले आहे का?

बोलणे म्हणजे तोंडाचे काम, असे आपण धरून चालतो. पण बोलताना सगळे शरीर बोलत असते आणि ऐकतानाही सगळे शरीर ऐकत असते. १९६०च्या दशकात अमेरिकेत विल्यम काँडन नावाच्या संशोधकाने माणसांच्या गप्पांची फिल्म एकेक चौकट थांबवून, पुन्हा पुन्हा पाहिली. बोलणाऱ्याच्या उच्चारांबरोबर त्याचे हात, मान, भुवया दिशा बदलतात, आणि ऐकणाऱ्याच्या हालचालीही त्याच लयीत बदलतात, असे त्याने मांडले. ही लय किती काटेकोर असते यावर पुढे वाद झाले. पण बोलणारा आणि ऐकणारा एकमेकांच्या हालचालींशी जुळवून घेत असतात, हे नंतरच्या अनेक अभ्यासांत दिसले.

डेव्हिड मॅकनील यांनी १९९२च्या आपल्या पुस्तकात हातवाऱ्यांचा बारकाईने विचार केला. हाताचा मुख्य झटका नेमका त्या शब्दाबरोबर किंवा त्याच्या किंचित आधी येतो. आपण आधी वाक्य जुळवतो आणि मग त्याला हातांनी सजवतो, असे होत नाही. विचार शब्दांत आणि हातांत एकदमच उतरतो. १९९८ साली आयव्हर्सन आणि गोल्डिन-मेडो यांनी जन्मांध मुलांचा अभ्यास प्रसिद्ध केला. या मुलांनी कोणाचे हातवारे कधी पाहिलेले नव्हते, तरी ती बोलताना हात हलवत होती, समोरची व्यक्ती अंध आहे हे माहीत असतानाही. तेव्हा "हात न हलवता नीट सांग" असे बाईला दरडावणे म्हणजे तिच्या बोलण्याचा अर्धा भाग बांधून ठेवणे होय.

नजरेचेही तसेच आहे. ॲडम केंडन यांनी १९६७ साली दाखवले की बोलायला सुरुवात करताना माणूस बहुधा नजर दुसरीकडे वळवतो आणि बोलणे संपत आले की समोरच्याकडे पाहतो. जणू म्हणतो, घे, आता तुझी पाळी. २००९ साली दहा वेगवेगळ्या भाषांची तुलना झाली, जपानीपासून डॅनिशपर्यंत. प्रश्न आणि उत्तर यांच्यामधले अंतर सरासरी सेकंदाच्या पाचव्या भागाइतके निघाले. एवढ्या वेळात उत्तर सुचून तोंडातून बाहेर पडणे शक्यच नाही. म्हणजे समोरचा बोलत असतानाच, त्याच्या शब्दांवरून आणि आवाजाच्या चढउतारावरून, आपण आपल्या पाळीची तयारी करत असतो.

हे वाचायला प्रयोगशाळेतले वाटते, पण आपल्या आया-आज्यांना ते ठाऊक होते. जात्यावर दोघी समोरासमोर बसत. खुंटा एकच, हात दोघींचे. एकीने ओवी उचलायची, दुसरीने पुढची ओळ धरायची. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी अशा एक लाखाहून जास्त ओव्या गोळा करवून घेतल्या. सासरचा जाच, भावाची ओढ, मनातला राग, जे ओसरीवर बोलायची सोय नव्हती ते जात्यापाशी निघत होते. मला वाटते, त्याचे एक कारण असे की तिथे बाईला समोरून कोणी तपासत नव्हते. दुसरी बाई तिच्याबरोबर त्याच लयीत हलत होती.

हुंकार हा आपला किती छान शब्द आहे! गोष्ट सांगणारी आजी नातवंडांना आधीच बजावते, "हुंकार द्या रे, नाहीतर मी सांगणार नाही." पोवाडा म्हणणाऱ्या शाहिराच्या मागे 'जी जी' म्हणणारे झीलकरी असतात. ते गेले तर शाहीर उभा राहील, पण पोवाडा उभा राहणार नाही.

आता आपल्या घरात हुंकार कोण देते, हे पाहू. पामेला फिशमन या अमेरिकन अभ्यासिकेने १९७०च्या दशकात तीन जोडप्यांच्या घरात त्यांच्या संमतीने टेपरेकॉर्डर ठेवला आणि ५२ तासांचे बोलणे तपासले. नवरा बोलत असताना बायको मधूनमधून, नेमक्या जागी 'हं', 'हो' म्हणत होती. त्यामुळे त्याचे बोलणे पुढे सरकत होते. बायको बोलली की नवऱ्याचा 'हं' शेवटी यायचा, उशिरा, एकदाच. त्याने विषय तिथेच संपायचा. बायकांनी जास्त विषय काढले, पण टिकले ते बहुतेक पुरुषांनी काढलेले. संभाषण चालू ठेवण्याचे कष्ट बायकांचे आणि ते कुठे न्यायचे हा अधिकार पुरुषांचा, असा तिचा निष्कर्ष होता. तीनच जोडपी, तीही अमेरिकेतली. सगळ्या जगाचा नियम त्यावरून काढू नये. पण ऐकताना तुमच्यातल्या कितीतरी जणी हसलात, ते मी पाहिले. स्वयंपाक, धुणीभांडी यांना आपण श्रम म्हणायला शिकलो. हुंकारही श्रम आहे.

आता माझी चूक सांगते. पंधरा वर्षे हे काम केल्यावर केलेली चूक आहे.

एक बाई केंद्रात आली. मी फॉर्म पुढे ओढला आणि मान खाली घालून विचारू लागले. नाव, वय, लग्न कोणत्या साली, मुले किती, मारहाण कधीपासून. ती म्हणाली, "पहिल्यापासून." मी विचारले, "म्हणजे कोणत्या साली?" ती गप्प. मी पेन टेकवून बसले. तिने एक साल सांगितले, मग दुसरे. मी फॉर्मवर लिहिले, "तारखांत विसंगती आहे. बाई काही लपवत असावी." ती निघून गेली आणि पुन्हा आली नाही.

आठ-नऊ महिन्यांनी ती आठ मार्चच्या कार्यक्रमाला दिसली. कार्यक्रम संपला आणि आम्ही दोघी सतरंज्यांच्या घड्या घालू लागलो. दोन टोके तिच्या हातात, दोन माझ्या. जवळ यायचे, टोके जुळवायची, पुन्हा लांब जायचे. तिसऱ्या सतरंजीला ती बोलायला लागली. "थोरलीच्या वेळी पाचवा महिना होता तेव्हा." "विहिरीला पाणी लागलं त्या वर्षी." "दीर वेगळा निघाला त्याच्या दुसऱ्या दिवशी." एकही तारीख चुकली नाही. तिचे कॅलेंडर वेगळे होते एवढेच. विसंगती तिच्या आयुष्यात नव्हती, माझ्या टेबलापाशी होती.

आपण तर तिच्या बाजूच्या. पोलिस ठाण्यात आणि कोर्टात काय होत असेल? कोर्टात बाई एक वाक्य बोलते, मग तिला थांबवून ते वाक्य टाइप करणाऱ्याला सांगितले जाते. ती पुन्हा सुरू करते, पुन्हा थांबवतात. प्रश्न वकिलाने विचारायचा, उत्तर न्यायाधीशांकडे पाहून द्यायचे. हुंकार कोणाचाच नाही. वर साक्षीदाराच्या वागण्या-बोलण्याची ढब कशी होती याची नोंद न्यायाधीशांनी करावी, अशी तरतूद कायद्यात आहे. जी सून वीस वर्षे मोठ्यांसमोर नजर खाली ठेवायला शिकली, तिची खाली गेलेली नजर अपराधीपणाची समजली गेली तर?

बाईचे शरीर चुकीचे वाचले की काय होते, हे महाराष्ट्राला सांगायला नको. मथुरा या आदिवासी मुलीवर १९७२ साली देसाईगंजच्या पोलिस ठाण्यात बलात्कार झाला. अंगावर जखमा नाहीत, ओरडल्याचा पुरावा नाही, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना निर्दोष सोडले. १९७९ साली चार कायदेतज्ज्ञांनी त्याविरुद्ध खुले पत्र लिहिले आणि देशभरच्या बायका रस्त्यावर आल्या. केवळ शारीरिक प्रतिकार केला नाही म्हणून संमती होती असे मानता येणार नाही, आणि संमती ही शब्दांनी, हावभावांनी किंवा अन्य प्रकारे, पण निःसंदिग्धपणे व्यक्त झालेली असली पाहिजे, हे कायद्यात स्पष्टपणे यायला २०१३ साल उजाडले. २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेतही ते कायम आहे. कायदा बदलला. बघणाऱ्याचे डोळे बदलायचे काम अजून आपल्याकडेच आहे.

मग करायचे काय? आमच्या केंद्रात आम्ही काही साधे बदल केले. पहिल्या भेटीत पहिला काही वेळ कागद बाहेर काढायचाच नाही. शक्य असेल तिथे दोघींनी बसायचे, एकीने ऐकायचे, दुसरीने जरा मागे बसून लिहायचे. टेबल मध्ये ठेवायचे नाही, खुर्च्या थोड्या तिरप्या ठेवायच्या, म्हणजे तिला पाहावेसे वाटले तर पाहता येईल आणि नको वाटले तर नजर खिडकीकडे नेता येईल. मोबाइल पर्समध्ये. तिच्या हातांना काही हवे असेल, पदराचे टोक, पाण्याचा पेला, तर असू द्यायचे. ती थांबली तर थांबायचे. दुखऱ्या गोष्टीला सेकंदाच्या पाचव्या भागाचा हिशेब लागू नाही. लिहून झाले की तिला वाचून दाखवायचे.

२०२०च्या टाळेबंदीत सगळे समुपदेशन फोनवर आले. तेव्हा कळले की आपली हलणारी मान तिला दिसत नाही. 'हं' मोठ्याने म्हणावा लागतो, नाहीतर पलीकडून लगेच प्रश्न येतो, "ताई, आहात ना?"

एक इशारा मात्र देते. हे तंत्र म्हणून करू नका. ती हात जोडते म्हणून आपण हात जोडायचे, ही नक्कल तिला लगेच कळते. आणि आपल्याला हव्या त्या उत्तरावर जास्त मान हलवणे हेही पाप आहे. ती आपल्या मानेकडे बघून सांगू लागेल. हुंकार म्हणजे होकार नव्हे. "मी तुझ्याबरोबर चालते आहे, तू वाट दाखव" एवढाच त्याचा अर्थ.

जेवणानंतर आपण सकाळचा खेळ पुन्हा खेळणार आहोत. त्याच जोड्या, त्याच गोष्टी. या वेळी कोणी काही मोजायचे नाही.