ठाण्यात अडकलेली घराची कागदपत्रे
(बडोद्यातील मंडळाच्या सभेत एका वकील सभासदाने केलेले भाषण)



बडोद्यात आपली चौथी-पाचवी पिढी नांदते आहे. पुष्कळांच्या कपाटात गायकवाडी अमलातले मोडी कागद अजून जपलेले आहेत. संस्थान १९४९ साली मुंबई राज्यात विलीन झाले, तरी घराच्या मालकीची साखळी सांगताना आजही हेच कागद पुढे करावे लागतात.

आमच्याच घरची गोष्ट सांगतो. काकांच्या वाड्याचा एक हिस्सा खोट्या सहीने विकला, अशी भाऊबंदकीतून फिर्याद झाली. पोलीस आले. काकांनी विश्वासाने सगळे बासन पुढे ठेवले. वादातले खरेदीखत एकच होते, पण आजोबांच्या वेळच्या कागदांसकट सारे मुद्देमालात जमा झाले. पंचनाम्यात नोंद एवढीच: ‘घराची कागदपत्रे, एक बंडल.’ पुढे काकूंच्या आजारपणात कर्ज काढायचे ठरले, तर बँकेने मूळ कागद मागितले. ते कोठून आणायचे? सहा वर्षांनी बासन परत आले, तेव्हा त्यात दोन मोडी कागद नव्हते. नोंदच नव्हती, मग मागायचे कशाच्या आधारावर?

पोलिसांची बाजूही समजून घेऊ. सही खोटी असल्याचा संशय असेल, तर तपासणीसाठी मूळ कागद लागतोच. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ साली, महाराष्ट्रातून गेलेल्या एका प्रकरणात, फौजदारी संहितेच्या कलम १०२ खाली पोलिसांना घर किंवा जमीन जप्त करता येत नाही असे ठरवले. मात्र मालकीचे कागद ताब्यात घेता येतात, हेही स्पष्ट केले. म्हणजे घर आपल्याकडे राहते आणि कागद ठाण्यात जातात. पण कागद घेण्याचा अधिकार पोलिसांचा असला, तरी ते कोणाकडे राहावेत हे न्यायालय ठरवते. जप्तीची खबर दंडाधिकाऱ्यांना लगेच द्यावी लागते.

याच गुजरातेतून गेलेल्या सुंदरभाई अंबालाल देसाई खटल्यात २००२ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की मुद्देमाल ठाण्यात फार तर पंधरा दिवस ते महिनाभर ठेवावा. त्या खटल्यात ठाण्यातला मुद्देमाल बदलल्याचा आरोप खुद्द पोलिसांवरच होता! १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत झडती आणि जप्तीचे चित्रीकरण सक्तीचे आहे. मुद्देमाल न्यायालयापुढे आला की चौदा दिवसांत त्याचे वर्णनपत्र करायचे आणि त्यानंतर तीस दिवसांत त्याच्या विल्हेवाटीचा आदेश द्यायचा. मेख अशी, की माल न्यायालयापुढे आलाच नाही तर ही मुदत सुरूच होत नाही. म्हणून वाट पाहत बसू नका. दंडाधिकाऱ्यांकडे स्वतः अर्ज करा. छायाप्रती रेकॉर्डवर ठेवून आणि बंधपत्र लिहून देऊन मूळ कागद परत मागता येतात.

आपण काय करावे? मागितलेला कागद तेवढाच द्या, बासन देऊ नका. यादीत प्रत्येक कागदाचा प्रकार, तारीख आणि पाने लिहून घ्या, आणि सहीची प्रत तिथल्या तिथे मागा. नोंदणी झालेल्या दस्ताची प्रमाणित नक्कल निबंधक कार्यालयातून आजच काढून ठेवा. नोंदणी नसलेल्या जुन्या कागदाची मात्र सरकारदरबारी दुसरी प्रत मिळेलच असे नाही. त्यांचे फोटो काढा आणि मोडी जाणणाऱ्याकडून लिप्यंतर करून घ्या.

शेवटी मंडळाला विनंती. निवडणुकीत उमेदवार आपल्या दारी येतात, आपण त्यांना चहा पाजतो आणि गणेशोत्सवाची वर्गणी मागतो. या वेळी त्यांच्याकडे एक नियम मागू या: जप्त केलेल्या प्रत्येक कागदाची साक्षांकित प्रत मालकाला त्याच दिवशी मिळाली पाहिजे. यात कोणत्याही तपासाला बाधा येत नाही. काकूंना मात्र तेवढ्याने बँकेत निदान काही दाखवता आले असते, आणि हरवलेले दोन कागद कोणते हे आज आम्हाला सांगता आले असते.