मास्तर आणि निघून गेलेले



नववीत असताना सरांनी व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ हातात दिली. १९५५ सालची कादंबरी. माडगूळकर आपल्या आटपाडीकडचेच. औंध संस्थानातला कोवळा मास्तर धनगरांच्या वाडीवर शाळा चालवायला जातो, हळूहळू वाडीचा होतो. गावकरी तालीम बांधतात, राजेसाहेब येतात. मग दुष्काळ पडतो आणि वाडी जगायला बाहेर पडते. तेव्हा मला तालमीचाच भाग आवडला होता, वयच तसलं.

दहावी झाली आणि आपला निम्मा वर्ग गलाईला गेला. विटा-आटपाडीकडं हे नवं नाही. सोनं-चांदी गाळायला आपली माणसं पार केरळपर्यंत पोचलीत. माझ्या बाकावरचा दोस्तही मामाबरोबर गेला. गणितात तो माझ्या पुढं. त्याला सोडायला मी स्टँडवर गेलो नाही. काय बोलायचं, कळेना.

पुढं मी साताऱ्याच्या माण तालुक्यात शिक्षक झालो. मेंढरांमागं जाणाऱ्या घरातली पोरं दिवाळीनंतर पटावर असायची, वर्गात नसायची. तिथं ‘बनगरवाडी’ पुन्हा वाचली. सगळी गोष्ट मास्तरच सांगतो. निघून गेलेल्यांचं पुढं काय झालं, ते त्याला तरी कुठून कळणार? मलाही कळलं नाही.

दोस्त आज समोर बसलाय. भाषण त्यानंच करायला हवं होतं. गड्या, त्या दुकानात पहिल्या रात्री कुठं झोपलास, तेवढं तरी आज सांग.