जागतिक बाजारपेठ आणि आपला तराजू

(सुवर्णमहोत्सवी समारंभात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



एखाद्या संस्थेने पन्नास वर्षे अखंडपणे कार्य करावे ही सामान्य गोष्ट नव्हे. अशा मंगल प्रसंगी आपण मला चार शब्द बोलण्याची संधी दिलीत, याबद्दल मी आपला ऋणी आहे. ‘जागतिक बाजारपेठेत राष्ट्राची स्पर्धाक्षमता’ हा विषय आपण मला दिला आहे. विषय मोठा आहे. तो मी आपल्या शिवारातील एका फळाच्या आधारे मांडणार आहे. ते फळ म्हणजे द्राक्ष. या सभागृहात द्राक्षबागायतदार आहेत, बेदाण्याचे व्यापारी आहेत, अडत्ये आहेत. माझे काही चुकले तर आपण ते दुरुस्त करालच.

१९९१ साली आपल्या देशाने आर्थिक उदारीकरणाचा मार्ग स्वीकारला. १ जानेवारी १९९५ रोजी जागतिक व्यापार संघटना अस्तित्वात आली. तेव्हापासून ‘स्पर्धा’ हा शब्द आपण नित्य ऐकतो. परंतु स्पर्धेत राष्ट्र टिकते ते कशाच्या बळावर? आपल्याकडे मजुरी स्वस्त, म्हणून माल स्वस्त, म्हणून आपण जिंकू, असा एक सर्वसाधारण समज आहे. डेव्हिड रिकार्डो या अर्थशास्त्रज्ञाने १८१७ साली सांगितले की, प्रत्येक देशाने ज्या वस्तूच्या उत्पादनात त्याला तुलनेने अधिक लाभ आहे, ती वस्तू पिकवावी वा बनवावी. मायकेल पोर्टर यांनी १९९० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात त्यापुढे जाऊन असे प्रतिपादन केले की, राष्ट्राची समृद्धी केवळ निसर्गाने दिलेली नसते, ती घडवावी लागते. आणि ती घडवणाऱ्या घटकांमध्ये त्यांनी एक वेगळाच घटक गणला आहे. तो म्हणजे घरचा चोखंदळ ग्राहक. हा मुद्दा आपण कृपया ध्यानात ठेवावा. शेवटी मी त्याच्याकडेच परत येणार आहे.

देशातील द्राक्षांचे सुमारे दोन तृतीयांश उत्पादन महाराष्ट्रात होते. आपल्या तासगावच्या मातीतून ‘तास-ए-गणेश’ हे वाण निघाले, सोलापूरजवळच्या नान्नजमधून ‘सोनाका’ निघाले. ही प्रयोगशील शेतकऱ्यांच्या नजरेची देणगी आहे. निसर्गानेही आपल्याला एक संधी दिली आहे. दक्षिण गोलार्धातील दक्षिण आफ्रिकेचा माल ओसरू लागतो आणि इजिप्तचा माल यायचा असतो, त्या मधल्या काळात, म्हणजे मार्च-एप्रिलमध्ये, युरोपच्या बाजारात आपल्या द्राक्षांना जागा मिळते. रिकार्डोच्या भाषेत हा आपला लाभ.

पण लाभ असणे निराळे आणि तो पदरात पाडून घेणे निराळे. १९९१ मध्ये बागायतदारांच्या सहकारी संस्थांनी एकत्र येऊन ‘महाग्रेप्स’ची स्थापना केली. सुरुवातीस माल नाकारला जाण्याचे कटू अनुभव आले. तोडलेला घड काही तासांत पूर्वशीतकरण करून शून्य अंशाच्या जवळ आणावा लागतो, पेटीत गंधकाचा कागद ठेवावा लागतो आणि समुद्रप्रवासात तापमान एकसारखे राखावे लागते. या साखळीतील एक कडी निखळली तर न्हावा-शेवा बंदरातून निघालेली हिरवीगार द्राक्षे रॉटरडॅमला पोहोचेपर्यंत तपकिरी होतात. हे सारे आपला शेतकरी शिकला.

त्यानंतर दुसरी परीक्षा आली. २००३ साली युरोपात आपल्या द्राक्षांमध्ये कीटकनाशकांचे अवशेष आढळले. त्यातून अवशेष तपासणीची राष्ट्रीय योजना उभी राहिली. ‘अपेडा’, राज्याचा कृषी विभाग आणि मांजरी येथील राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र यांनी मिळून प्रत्येक निर्यातक्षम बागेची नोंदणी, नमुना आणि प्रयोगशाळेचा अहवाल यांची साखळी तयार केली. पुढे ‘ग्रेपनेट’ ही संगणकीय प्रणाली आली. युरोपातील दुकानात ठेवलेली पेटी कोणत्या गावातील कोणत्या बागेतून आली, याचा मागोवा घेणे त्यामुळे शक्य झाले.

आणि एवढे सारे करूनही २०१० चा हंगाम आला. आपल्यापैकी अनेकांना तो विसरता येणार नाही. क्लोरमेक्वाट क्लोराइड, ज्याला आपण बोलीत ‘लिहोसीन’ म्हणतो, ते वेलीची शाखीय वाढ आवरण्यासाठी खरड छाटणीनंतर वापरले जात असे. युरोपची मर्यादा होती एका किलो द्राक्षात ०.०५ मिलिग्रॅम, म्हणजे एका मिलिग्रॅमचा विसावा भाग. त्याहून अधिक अवशेष आढळले आणि कंटेनर परदेशी बंदरांत अडकले. कोट्यवधी रुपयांचे नुकसान झाले, बागायतदारांचे पैसे थकले. येथे एक गोष्ट समजून घेतली पाहिजे. आपली प्रमाणपत्रे खोटी नव्हती. आपल्याकडे ज्या रसायनांची तपासणी होत होती, त्या यादीत हे रसायनच नव्हते. यादीप्रमाणे आपण निर्दोष होतो, परंतु ग्राहकाच्या ताटात दोष होता. यादी पूर्ण करणे आणि मालाची पूर्ण जबाबदारी घेणे यांतील अंतर त्या वर्षी आपण फार मोठी किंमत मोजून शिकलो. त्यानंतर यादी वाढली, तपासणी कडक झाली आणि निर्यात पुन्हा सावरली. विश्वास गमावून तो परत मिळवणे हेही स्पर्धाक्षमतेचेच लक्षण होय.

स्पर्धक मात्र स्वस्थ बसलेले नाहीत. पेरू या देशाने अल्पावधीत नव्या, बिनबियांच्या, रंगीत वाणांची लागवड केली आणि चिलीसारख्या जुन्या निर्यातदाराला मागे टाकले. २०२३ च्या अखेरीस तांबड्या समुद्रातील हल्ल्यांमुळे जहाजांना आफ्रिकेला वळसा घालावा लागला तेव्हा आपल्या मालाचा प्रवास कित्येक दिवसांनी लांबला आणि भाडे वाढले. वाणांचे संशोधन, बंदरे, वीज, रस्ते या बाबी शासनाच्या आणि उद्योगाच्या आहेत. त्यांचे महत्त्व मी कमी लेखत नाही. परंतु आज मला जे मुख्यतः सांगायचे आहे, ते आपल्या हातातील आहे.

बंधुंनो, आपण पिकवतो त्या द्राक्षांपैकी ढोबळमानाने दहावा हिस्सा परदेशी जातो. उरलेली द्राक्षे कोण खातो? आपण खातो, आपली नातवंडे खातात. निर्यातीच्या मालासाठी बागेची नोंद, फवारणीची वही, नमुना, अहवाल. गावच्या बाजारात जाणाऱ्या मालासाठी काय? अन्नसुरक्षेचा २००६ चा कायदा आहे, अवशेषांच्या मर्यादाही ठरलेल्या आहेत. परंतु प्रत्येक बागेची तशी तपासणी येथे होत नाही, आणि ग्राहक म्हणून आपण ती मागतही नाही. म्हणजे आपल्या घरात दोन तराजू आहेत. एक परक्यासाठी, एक आपल्यांसाठी.

पोर्टर यांचा घरचा चोखंदळ ग्राहक येथे आठवतो. दुसऱ्या महायुद्धानंतर जपानी मालाला जगात ‘स्वस्त आणि तकलादू’ म्हणून हिणवले जाई. १९५० साली एडवर्ड्स डेमिंग यांनी तेथे गुणवत्ता नियंत्रणावर व्याख्याने दिली, १९५१ पासून त्यांच्या नावाचे पारितोषिक सुरू झाले. पण त्या शिकवणीचे चीज झाले, कारण मायदेशातील ग्राहकही सदोष वस्तू स्वीकारत नव्हता. ज्या देशात घरचा ग्राहक निकृष्ट माल मुकाट्याने घेतो, त्या देशाच्या उत्पादकाला गुणवत्ता ही परदेशी अधिकाऱ्याने लादलेली अट वाटते. ती त्याची सवय होत नाही. आणि जी सवय नसते, ती एखाद्या हंगामात हमखास सुटते.

आपल्या परंपरेला हा विचार नवा नाही. अचौर्य अणुव्रताच्या अतिचारांमध्ये ‘हीनाधिकमानोन्मान’ आणि ‘प्रतिरूपकव्यवहार’ यांचा समावेश आहे. देताना एक माप व घेताना दुसरे माप, हा पहिला दोष. चांगल्यात हलके मिसळून चांगले म्हणून विकणे, हा दुसरा. आपल्या पूर्वजांनी दूरदूरच्या पेठांत व्यापार केला तो पत सांभाळून. आज त्याच पतीला जग ‘मागोवा’ आणि ‘प्रमाणीकरण’ अशी नावे देते, एवढेच.

म्हणून माझी नम्र सूचना अशी. बागायतदारांनी फवारणीची वही सर्व बागेसाठी लिहावी, केवळ निर्यातीच्या तुकड्यापुरती नव्हे. व्यापाऱ्यांनी तपासलेल्या मालाला दोन रुपये अधिक द्यावेत आणि ते का दिले, हे दुकानात सांगावे. आणि आपण सर्वांनी, विशेषतः माता-भगिनींनी, द्राक्षे घेताना एक प्रश्न जरूर विचारावा, ‘ही कोणत्या बागेतील आहेत?’ पहिल्या दिवशी विक्रेता हसेल. शंभर घरांतून तोच प्रश्न गेला की तो उत्तर शोधून ठेवील.

राष्ट्राची स्पर्धाक्षमता दिल्लीत वा जिनिव्हात ठरते असे आपण मानतो. तिचा फार मोठा भाग बांधावर, पेढीवर आणि स्वयंपाकघरात ठरतो. या संस्थेचा शतकमहोत्सव साजरा होईल तेव्हा आपल्या नातवंडांच्या हाती एकच तराजू असावा, एवढीच प्रार्थना करतो आणि माझे भाषण संपवतो.

जय जिनेंद्र! जय हिंद! जय महाराष्ट्र!