पेटंट क्रमांक २,५२,३८६



मला 'प्रेरणा देणारा शास्त्रज्ञ' या विषयावर बोलायला सांगितलंय. मी स्वतः शास्त्रज्ञ नाही. इंजिनिअरिंग करून सॉफ्टवेअर कंपनीत लागलो आणि गेली बरीच वर्षं मुख्यतः इतरांनी लिहिलेल्या कोडमधल्या चुका शोधून दुरुस्त करतो. त्यामुळे आज मी अशाच एका माणसाबद्दल बोलणार आहे. दुसऱ्यांनी सुरू केलेली वस्तू नीट चालावी, टिकावी, म्हणून तो आयुष्यभर खपला. त्याचं नाव लुईस हॉवर्ड लॅटिमर.

पण आधी माझी फजिती सांगतो. आमच्या मोहल्ल्यात दर रविवारी मुलांसाठी अभ्यासिका चालते. तीन वर्षांपूर्वी तिथे मी मोठ्या ऐटीत सांगितलं, "विजेच्या बल्बचा खरा शोध एका कृष्णवर्णीय माणसाने लावला. एडिसनने तो चोरला आणि इतिहासाने त्या माणसाचं नाव पुसलं." हा मजकूर मला मोबाईलवर आला होता आणि मी तो चार ग्रुपवर पुढे ढकललाही होता. तपासावासा वाटला नाही, कारण तो मला आवडला होता. ज्यांची नावं पुसली जातात, त्यांच्यात आपण स्वतःलाही धरतो ना, म्हणून.

नववीतल्या एका मुलीने हात वर केला. म्हणाली, "सर, चोरी झाली असेल तर त्याच्याकडे पुरावा असेल ना? त्याचं पेटंट होतं का? नंबर काय?"

मला काही सांगता येईना. "पुढच्या रविवारी सांगतो," म्हणालो आणि विषय बदलला. घरी येऊन वाचायला बसलो. जे सापडलं, ते त्या फॉरवर्डपेक्षा कितीतरी चांगलं होतं.

सुरुवात लुईसच्या आईवडिलांपासून करायला हवी. जॉर्ज आणि रिबेका लॅटिमर हे अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्यातले गुलाम. १८४२ च्या ऑक्टोबरात दोघं नॉरफोकहून पळाले आणि उत्तरेला बॉस्टनला पोहोचले. तिथे जॉर्जला ओळखलं गेलं आणि अटक झाली. मालक त्याला परत न्यायला आला. पण बॉस्टनचे नागरिक स्वस्थ बसले नाहीत. सभा झाल्या, या एका खटल्यासाठी खास वर्तमानपत्र निघालं. विल्यम लॉइड गॅरिसन, फ्रेडरिक डग्लस यांच्यासारखी माणसं जॉर्जच्या बाजूने उभी राहिली. शेवटी ४०० डॉलर देऊन त्याची सुटका करण्यात आली.

लोक तेवढ्यावर थांबले नाहीत. मॅसॅच्युसेट्स राज्यात अर्ज फिरवला गेला आणि त्यावर ६० हजारांहून जास्त सह्या जमल्या. १८४३ मध्ये राज्याने कायदा केला की पळून आलेल्या गुलामांना पकडण्यासाठी राज्याचे अधिकारी आणि राज्याचे तुरुंग वापरता येणार नाहीत. लोक त्याला 'लॅटिमर कायदा' म्हणू लागले. सह्यांच्या मोहिमेने काय होतं, असं विचारणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

लुईसचा जन्म ४ सप्टेंबर १८४८ चा, बॉस्टनजवळच्या चेल्सी गावातला. चार भावंडांत सर्वांत धाकटा. तो आठ वर्षांचा असताना, १८५७ मध्ये, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ड्रेड स्कॉट खटल्यात निकाल दिला की कृष्णवर्णीय माणूस या देशाचा नागरिक होऊ शकत नाही. पुढच्या वर्षी वडील घर सोडून गेले. आईला एकटीने संसार ओढवेना, मुलं विखुरली, लुईसची शाळा सुटली. १८६४ मध्ये, यादवी युद्ध चालू असताना, वयाच्या सोळाव्या वर्षी तो नौदलात भरती झाला. म्हणजे ज्या देशाचं न्यायालय त्याला नागरिक मानत नव्हतं, त्याच देशासाठी हा मुलगा युद्धनौकेवर होता.

युद्ध संपलं. बॉस्टनमध्ये पेटंटचं काम करणाऱ्या एका वकिली कचेरीत त्याला ऑफिसबॉयची नोकरी मिळाली. पगार आठवड्याला ३ डॉलर. त्या कचेरीत ड्राफ्ट्समन बसत. नव्या यंत्राचं पेटंट हवं असेल तर त्याचं अचूक ड्रॉइंग लागतं आणि ते ही मंडळी काढत. तुमच्यापैकी ज्यांनी फर्स्ट इयरला इंजिनिअरिंग ड्रॉइंगच्या शीट रात्री जागून पूर्ण केल्यात, त्यांना हे काम किती किचकट असतं ते सांगायला नको.

लुईस त्यांचं काम बघत राहिला. पैसे साठवून जुनं पुस्तक आणि जुनी उपकरणं घेतली आणि घरी रात्री सराव केला. मग एक दिवस ड्राफ्ट्समनला म्हणाला, मला एक ड्रॉइंग काढून बघू द्या. त्याला हसू आलं, पण त्याने काढू दिलं. ते ड्रॉइंग चांगलं निघालं. काही वर्षांत लुईस त्याच कचेरीत मुख्य ड्राफ्ट्समन झाला, आठवड्याला २० डॉलर पगारावर. १८७४ मध्ये एका सहकाऱ्याबरोबर त्याने स्वतःचं पहिलं पेटंट घेतलं, रेल्वेच्या डब्यातल्या सुधारित संडासाचं. १८७६ मध्ये अलेक्झांडर ग्रॅहम बेल टेलिफोनचा अर्ज घेऊन आले. लॅटिमर यांनी आपल्या आठवणीत लिहून ठेवलंय की बेल यांचे रात्रीचे वर्ग संपेपर्यंत, नऊ वाजून जाईपर्यंत, ते कचेरीत थांबत आणि मग बेल यांच्याकडून समजून घेऊन ड्रॉइंग करत.

आता बल्बकडे येऊ. काचेच्या फुग्यात बारीक फिलामेंट ठेवायची, आतली हवा काढून घ्यायची आणि वीज सोडून ती फिलामेंट लाल-पिवळी होईपर्यंत तापवायची, ही कल्पना एडिसनच्या आधीपासून होती. इंग्लंडमध्ये जोसेफ स्वान त्यावर काम करत होते. एडिसनच्या प्रयोगशाळेत १८७९ च्या ऑक्टोबरात कार्बनची फिलामेंट काही तास जळली आणि नंतर बांबूच्या तंतूपासून केलेली कितीतरी जास्त टिकली. त्याच सुमारास हायरम मॅक्सिम यांची 'युनायटेड स्टेट्स इलेक्ट्रिक लायटिंग' ही एडिसनची स्पर्धक कंपनी होती. १८८० मध्ये लॅटिमर तिथे कामाला लागले.

कार्बनची फिलामेंट करायची म्हणजे कागद किंवा तंतूची आकार दिलेली बारीक पट्टी हवा न लागू देता भट्टीत तापवायची. बाकी सगळं निघून जातं आणि काळा कार्बन उरतो. अडचण अशी की तापताना ती पट्टी आकसते आणि वेडीवाकडी होते किंवा तुटते. दहा टाकाव्या तेव्हा चांगल्या किती निघतील, याचा भरवसा नाही. आणि असा भरवसा नसेल तर बल्ब प्रदर्शनात चमकतो, पण साध्या माणसाच्या घरात पोहोचत नाही.

लॅटिमर यांची युक्ती आज ऐकायला साधी वाटेल. त्यांनी या पट्ट्या पुठ्ठ्याच्या पाकिटात ठेवून तापवल्या. पट्टी जितकी आकसते, तितकंच पाकीटही आकसतं. त्यामुळे पट्टीवर ताण येत नाही आणि तिचा आकार बिघडत नाही. १७ जानेवारी १८८२ रोजी या पद्धतीचं पेटंट त्यांच्या नावावर मिळालं. त्याच्या चार महिने आधी, सप्टेंबर १८८१ मध्ये, जोसेफ निकोल्स यांच्यासोबत आणखी एक पेटंट मिळालं होतं. ते फिलामेंट आणि धातूच्या तारा यांच्या सांध्याबद्दलचं. बल्ब अनेकदा तिथेच दगा देतो.

पेटंट घेऊन ते टेबलाशी बसून राहिले नाहीत. कंपनीने त्यांना मॉन्ट्रियलला दिवे बसवायला पाठवलं. तिथले कामगार फ्रेंच बोलणारे. मग दिवसा काम करायचं आणि रात्री फ्रेंचमध्ये आकडे आणि सुट्या भागांची नावं शिकायची. १८८२ मध्ये लंडनला जाऊन त्यांनी तिथे फिलामेंट करण्याचा विभाग उभा केला. १८८४ मध्ये ते एडिसनच्या कंपनीत आले. पुढे तिथल्या कायदा विभागात गेले, कारण ड्रॉइंग, यंत्र आणि पेटंट या तिन्ही गोष्टी समजणारा माणूस कोर्टात साक्षीला उभा राहू शकत होता. १८९० मध्ये त्यांनी विजेच्या दिव्यांवर पुस्तक लिहिलं. १९१८ मध्ये एडिसनच्या जुन्या सहकाऱ्यांनी 'एडिसन पायोनियर्स' ही संस्था काढली, तेव्हा तिच्या संस्थापक सदस्यांत लॅटिमर होते. त्यांत कृष्णवर्णीय ते एकटेच.

आता त्या फॉरवर्डशी हे ताडून बघा. बल्ब लॅटिमर यांनी शोधला का? नाही. एडिसनने त्यांच्याकडून चोरला का? एडिसनची ती फिलामेंट १८७९ ची, लॅटिमर यांची पद्धत १८८२ ची, तीही स्पर्धक कंपनीत असतानाची. चोरीचा हिशोब बसत नाही. आज तुमच्या डोक्यावर जळणाऱ्या एलईडी दिव्यात तर लॅटिमर यांचं काहीच नाही. १९१० नंतर टंगस्टनच्या तारेने कार्बनची फिलामेंट हळूहळू मागे टाकली.

मग उरलं काय? गुलामांच्या पोटी जन्मलेला, शाळा सुटलेला एक ऑफिसबॉय. जुनं पुस्तक घेऊन ड्रॉइंग शिकला आणि दिवा घराघरात जाण्याच्या वाटेवरची एक खरी अडचण त्याने सोडवली. हे सगळं कागदावर आहे, तारखेसकट.

मी हे का सांगतोय? कारण आपल्या ग्रुपवरही असे मजकूर फिरतात. अमुक शोध आमच्या माणसाने लावला, तमुकने चोरला. त्यातले काही खरे असतात, काही अर्धे आणि काही साफ खोटे. आपल्याला वाटतं, खोटं असलं तरी पोरांना हिंमत मिळते ना, मिळू दे. पण एखाद्या पोराला कॉलेजात कुणी विचारलं, "पुरावा दाखव," आणि त्याच्याकडे नसला, तर तो खोट्याबरोबर खरंही टाकून देतो. त्याला वाटतं, आपल्या लोकांच्या सगळ्याच गोष्टी थापा असणार. मी त्या अभ्यासिकेत नेमकं हेच करून बसलो असतो. त्या मुलीने विचारलं नसतं, तर मी लॅटिमर यांना नायक करता करता त्यांचं खरं काम पुसून टाकलं असतं.

सॉफ्टवेअरमध्ये आम्ही गिट वापरतो. कोडची प्रत्येक ओळ कुणी, कधी बदलली, ते त्यात दिसतं. ज्याने पहिली ओळ लिहिली त्याचं नाव असतं आणि ज्याने रात्री दोन वाजता एक स्वल्पविराम दुरुस्त केला त्याचंही. दुरुस्ती करणाऱ्याचं नाव लिहायला पहिल्याचं नाव खोडावं लागत नाही.

शेवटची एक गोष्ट. लॅटिमर यांनी आपल्यापुरतं बघितलं नाही. १९०२ मध्ये त्यांनी न्यूयॉर्कच्या महापौरांकडे मागणी केली की ब्रुकलिनच्या शाळा मंडळावर कृष्णवर्णीयांचा प्रतिनिधी परत घ्यावा. १९०६ च्या सुमारास हेन्री स्ट्रीट सेटलमेंट या संस्थेत ते बाहेरदेशातून आलेल्या कामगारांना इंग्रजी आणि मेकॅनिकल ड्रॉइंग शिकवत. त्यांना जे कुणी हाताला धरून शिकवलं नव्हतं, ते त्यांनी इतरांना शिकवलं. ११ डिसेंबर १९२८ रोजी न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातल्या फ्लशिंगमध्ये त्यांचं निधन झालं. त्यांचं घर आज संग्रहालय आहे.

तुमच्यापैकी अनेकांना ऑटोकॅड येतं, वेल्डिंग येतं, कोड येतो. आपापल्या मोहल्ल्यात रविवारचे दोन तास द्या आणि येतं ते एका तरी पोराला शिकवा. आणि पुढचा मजकूर ढकलण्याआधी त्या मुलीचा प्रश्न स्वतःला विचारा.

पुढच्या रविवारी मी अभ्यासिकेत गेलो. सगळ्यांसमोर सांगितलं की मागच्या वेळी मी चुकीचं बोललो. मग फळ्यावर आकडा लिहिला, २,५२,३८६. त्या मुलीने तो वहीत उतरवून घेतला आणि लगेच दुसरा प्रश्न विचारला, "सर, पाकीट पुठ्ठ्याचंच का?"

त्या दिवशी मला सांगता आलं.