सातबारा लेकांच्या नावे करण्याआधी

गटाच्या बैठकीत कर्जाचा विषय निघाला की सगळ्याजणी एकदम बोलतात. पण म्हाताऱ्या आई-वडिलांचा खर्च कोण करतं, असं विचारलं की बैठक गप्प होते. कोणी पासबुक चाळतं, कोणी सतरंजीचे दोरे ओढत बसतं. आज आम्ही त्याच विषयावर बोलणार आहोत. आपल्यात सासवा आहेत, सुना आहेत, आणि लेकी तर सगळ्याच आहोत. त्यामुळे ऐकताना प्रत्येकीला कुठेतरी टोचेल, त्याला इलाज नाही.

आई-वडिलांना सांभाळणं हे पुण्य, असं आपण कीर्तनात ऐकतो. ते खरंच आहे. पण २००७ साली त्यासाठी स्वतंत्र कायदाही झाला. स्वतःच्या कमाईवर किंवा मालमत्तेवर ज्यांचं भागत नाही, अशा आई-वडिलांचं अन्न, कपडा, निवारा आणि औषधपाणी मुलांनी बघायचं. आई सख्खी असो, सावत्र असो की दत्तक घेणारी असो. तिला साठ वर्षं पूर्ण झालेली असलीच पाहिजेत, असंही नाही.

आता ‘मुलं’ कोण? मुलगा, मुलगी, आणि सज्ञान नातू-नात. सुनेचं नाव या यादीत नाही. गावात मात्र उलटं चालतं. मुलगा शहरात बसून पैसे धाडत नाही आणि बोल लागतो चुलीपुढच्या सुनेला. कायदा आधी मुलाला विचारतो, तू काय देतोस?

आणि लेकींनो, ‘आमचं लग्न झालं, आता आमचा काय संबंध’ हे चालत नाही. कमावत्या विवाहित मुलीवरही वडिलांच्या पोटगीची जबाबदारी येते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८७ सालीच सांगितलं आहे. भावांसाठी हक्कसोडपत्रावर सही केलेल्या बहिणीला हे ऐकून राग येईल. आम्हालाही येतो. पण न्यायाधिकरण कोणाची किती ऐपत आहे ते बघतं. एकाच मुलावर अर्ज झाला, तर तो बाकीच्या भावंडांनाही त्यात घ्या, असं म्हणू शकतो.

आमच्या एका गटात एक आजी आहेत. पाच एकर जमीन तीन लेकांत वाटली आणि आजींच्या जेवणाची महिन्या-महिन्याची पाळी ठरली. महिना ३१ दिवसांचा आला की त्या जास्तीच्या दिवसावरून घरात कुरबूर. डोळ्याच्या ऑपरेशनचा खर्च तर कोणाच्याच पाळीत बसेना. आम्ही अर्जाचं सांगितलं, तर म्हणाल्या, “पोटच्या पोरावर कागद करू व्हय? उद्या मढ्याला खांदा कोण देईल?” आम्ही त्यांच्यापुढे पुन्हा तो विषय काढला नाही. अर्ज करणारी त्या घरातच राहते, रात्री त्याच दारात परत जाते. बाहेरून सांगणं सोपं असतं.

तरी एक गोष्ट समजून घ्या. हा अर्ज म्हणजे पोलीस केस नव्हे. तो आपल्या प्रांत कार्यालयात द्यायचा असतो. वकिलाची गरज नाही. आधी समेट घडवण्याचाही प्रयत्न होऊ शकतो. मुलगा पुण्यात असला, तरी आई राहते त्याच जिल्ह्यात अर्ज चालतो. नोटीस बजावल्यापासून ९० दिवसांत निकाल द्यायचा, फार तर आणखी ३० दिवस, असं कायद्यात लिहिलं आहे. रक्कम जास्तीत जास्त महिना १०,००० रुपयांपर्यंत ठरते. आदेश होऊनही मुलाने पैसे दिले नाहीत, तर वॉरंट निघतं आणि एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते.

पण आम्हाला आज सगळ्यात जास्त सांगायचंय ते आजींच्या पाच एकरांबद्दल. जमीन देताना त्यांनी कागदावर एक ओळ लिहून घेतली असती, तर आज त्यांच्या हातात काहीतरी असतं. याच कायद्याचं २३ वं कलम सांगतं: सांभाळ करण्याच्या अटीवर मालमत्ता दिली आणि घेणाऱ्याने सांभाळलं नाही, तर ते देणं रद्द करून मागता येतं. मात्र अट हवी. बक्षीसपत्रात नुसतं ‘मायेपोटी व प्रेमापोटी’ एवढंच असेल, तर अडचण येते. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली अट असण्यावरच बोट ठेवलं. २०२५ साली त्याच न्यायालयाने, हा कायदा म्हाताऱ्यांच्या बाजूने उदारपणे वाचावा, असंही म्हटलं. पण त्या भरवशावर अंगठा देऊ नका.

दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात जाण्याआधी कागद मोठ्याने वाचून घ्या. त्यात असं लिहून घ्या: ‘मी हयात असेपर्यंत माझं अन्न, वस्त्र, राहणं व औषधोपचार करण्याच्या अटीवर ही मिळकत देत आहे.’ लेक म्हणेल, “आई, माझ्यावर विश्वास नाही का?” गटात सख्ख्या जावेला दोन हजार देतानाही आपण सही घेतोच की!

अर्ज द्यायचा असेल, तर आधार कार्ड, वयाचा पुरावा, दवाखान्याच्या चिठ्ठ्या, असल्यास सातबारा, आणि सगळ्या मुलांची नावं व पत्ते सोबत न्या. आजींना चालवत नसेल, तर त्यांनी अधिकार दिलेली दुसरी व्यक्ती त्यांच्या वतीने अर्ज देऊ शकते. ती गटातली मैत्रीणही असू शकते.